सतरा मिनिटांची बेटं

अडतीस वर्षं मी शाळेत भूगोल शिकवला. जगाची वेळ जिथून मोजतात ती रेघ दर वर्षी फळ्यावर काढली, मुलांकडून पाठ करून घेतली, आणि दर वर्षी काढताना मनात म्हटलं, हे काही खरं नव्हे. जगाची वेळ निघते ती मधल्या समुद्रातल्या पाच बेटांवरून. हा मधला समुद्र कुठल्याही नकाशात नाही, तरी त्यातली बेटं मला तोंडपाठ आहेत, कारण ती मीच काढली होती. भिसेगावातल्या आमच्या दोन खोल्यांच्या घरात, भिंतीवरच्या घड्याळाखाली पालथी पडून, गेल्या वर्षीच्या कॅलेंडरच्या पाठकोऱ्या पानावर. तेव्हा मी अकरा वर्षांची होते, आणि त्या नकाशापायी माझ्या वडिलांची नोकरी जाता जाता राहिली. ते सगळं एकदा नीट लिहून ठेवायचं आहे, कारण दत्तू, म्हणजे माझा थोरला भाऊ, हल्ली ही गोष्ट नातवंडांना सांगतो तेव्हा त्यात स्वतःची पाच मिनिटं साफ गाळून टाकतो.

आधी घड्याळाचं सांगते, कारण आमच्या घरात माणसं चार, मी पाचवी, आणि घड्याळ सहावं. लंबकाचं, लाकडी पेटीचं, खालच्या कप्प्याला काचेचं दार. अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, ते कुणाकडून तरी जुनं आणलं होतं. अण्णा खोपोलीजवळच्या साजगावच्या एका कारखान्यात फिटर होते, पण बदली फिटर. बदली म्हणजे कायमचा माणूस आला नाही तर यांना काम, तो आला तर गेटवरूनच मागे फिरायचं. सहा वर्षं ते असे रोज डबा घेऊन जात, आणि आठवड्यातून दोनदा तरी भरलेला डबा तसाच घेऊन परत येत. मग दुपारी आम्ही सगळे तो डबा वाटून खायचो. तांदळाची भाकरी आणि जवळ्याची चटणी. गार झालेली ती भाकरी मला गरम भाकरीपेक्षा आवडायची, पण तसं एकदा बोलून दाखवलं तर आईनं इतक्या वाईट नजरेनं पाहिलं की पुन्हा बोलले नाही.

गेटवर बदलीवाल्यांची हजेरी जो आधी येईल त्याची आधी, म्हणून सकाळची साडेसहाची खोपोली गाडी चुकवून चालत नसे. त्यामुळे घड्याळ घरात आलं त्याच दिवशी अण्णांनी ते सगळ्यांच्या देखत दहा मिनिटं पुढं केलं. तुमच्याही घरात असंच केलेलं असेल, त्यात नवल नाही. नवल पुढं आहे. आईनं विचार केला, यांना ठाऊक आहे दहा मिनिटं पुढं आहे, म्हणजे हे दहा मिनिटं सुस्तावणार. म्हणून तिनं गुपचूप आणखी पाच वाढवली. आई बुटकी. ती लाटण्याच्या टोकानं काटा सरकवायची. आत्या म्हणजे अण्णांची थोरली बहीण, नवरा गेल्यापासून आमच्याकडेच असायची. तिनं तिचा वेगळा हिशेब केला. पोरं उठत नाहीत, भावजय उठवत नाही, तेव्हा सात मिनिटं देवाच्या नावानं. ती रॉकेलच्या डब्यावर चढून, हातातली जपाची माळ न सोडता काटा ढकलायची, आणि खाली उतरून घड्याळालाच नमस्कार करायची. राहिला दत्तू. तो चौदा वर्षांचा आणि झोपेचा अधाशी. सोमवारी पहाटे तांब्या घ्यायला उठला की तो काटा पाच मिनिटं मागं करून पुन्हा पांघरुणात शिरायचा. दर रविवारी अण्णा किल्ली द्यायचे आणि रेडिओशी ताडून घड्याळ पुन्हा बरोबर दहा मिनिटं पुढं लावायचे. सोमवार उजाडेपर्यंत त्याची सतरा झालेली असायची, आणि ती आठवडाभर टिकायची. अण्णांची दहा, आईची पाच, आत्याची सात, वजा दत्तूची पाच. अण्णांना वाटायचं, हे घड्याळ जात्याच उतावीळ आहे. प्रत्येकाला फक्त आपलीच मिनिटं ठाऊक. सगळ्यांची ठाऊक असणारी मी एकटी, कारण माझं अंथरूण घड्याळाखाली होतं आणि मी झोपल्याचं सोंग फार चांगलं करायचे.

मात्र या सगळ्यातून घर सुरळीत चाललं होतं, हे ध्यानात ठेवा. अनुभवानं एक नियम बसला होता, 'पस्तीसला दार'. घड्याळात सहा पस्तीस झाले की अण्णांनी दाराबाहेर पाऊल टाकायचं. साडेसहाची गाडी पकडायला आमच्याकडे माणूस सहा पस्तीसला निघायचा, दहा मिनिटं चालत जायचा आणि आरामात बसायला जागा मिळवायचा, आणि यात काही चमत्कारिक आहे असं घरात कुणालाही वाटत नसे.

मला वाटायचं. रात्रंदिवस वाटायचं. घड्याळात सतरा मिनिटं उगाचची आहेत, मग खरी वेळ कुठं असते? आईला विचारलं तर ती म्हणाली, "स्टेशनात." स्टेशनचं घड्याळ कोण लावतं? "मुंबईवाले." मुंबईवाल्यांना कोण सांगतं? "शालू, तांदूळ निवड." या तांदळापाशी माझा शोध रोज अडायचा. शेवटी ते काम मी स्वतःच हातात घेतलं आणि बेटं काढली.

पहिलं खरं बेट. तिथं उंच काळा कातळ आहे आणि त्यातून वेळ झिरपते, थेंब थेंब, आमच्याकडे पावसाळ्यानंतर डोंगरातून पाणी झिरपतं तशी. एक थेंब म्हणजे एक क्षण. खाली दगडाची डोणी आहे, ती भरली की तास झाला. त्या बेटावर माणूस नाही, कारण माणूस गेला की वेळेला हात लावणार. नकाशात त्या बेटावर मी माझ्या उत्तम अक्षरात लिहिलं होतं, 'इथे कोणी राहत नाही'. रोज पहाटे एक होडी येते. ती आपोआप चालते. तिच्यात तांब्याचा हंडा आहे. तो डोणीत बुडतो, भरतो आणि होडी निघते. हीच ती जगाची वेळ. हा हंडा पलीकडच्या काठाला पोहोचला की मगच जगातले कोंबडे आरवतात, भोंगे वाजतात, शाळा भरतात. एखाद्या दिवशी होडी आलीच नाही तर सगळं जग आहे तिथं थांबेल. आईचं लाटणं हवेत, आत्याचा मणी दोन बोटांत, आणि दत्तू घोरता घोरता मध्येच.

पण होडीला वाटेत चार बेटांवरून जावं लागतं, आणि प्रत्येक बेटावर एक राखणदार बसलेला. पहिलं भोंगाबेट. तिथला राखणदार खाकी कपड्यातला, भला माणूस. तो हंड्यात दहा ओंजळी घालतो. का, तर उशीर होऊ नये. मग स्टोव्हबेट. तिथं सदा धूर, आणि धुरातून एक राणी येऊन पाच ओंजळी घालते. का, तर खाकीवाल्यावर तिचा भरवसा नाही. मग माळबेट. तिथली जोगीण सात ओंजळी घालते आणि होडीला नमस्कार करते. शेवटी लोळबेट. तिथला राक्षस झोपेतच हात लांब करून पाच ओंजळी पिऊन टाकतो. अशी ती वेळ सतरा ओंजळी जास्त होऊन जगाला मिळते. जगाला वाटतं हीच खरी. राखणदारांत कुणी दुष्ट नाही, हे मी नकाशाच्या कोपऱ्यात मुद्दाम लिहिलं होतं, कारण नकाशा आईच्या हाती लागला तर पंचाईत नको. राक्षसाबद्दल मात्र काही लिहिलं नाही.

दत्तूला तो नकाशा दाखवला तेव्हा त्यानं बराच वेळ पाहिला आणि म्हणाला, "हा राक्षस एवढा केसाळ का गं?" एवढंच. त्याला स्वतःची ओळख पटली नाही, आजही पटत नाही. नकाशा मी घडी घालून घड्याळाच्या पेटीतच, लंबकाच्या मागं ठेवून दिला. त्याची जागा तीच आहे असं मला वाटलं.

मग ती चिठ्ठी आली. कारखान्यात तीन फिटर कायम करायचे होते. मुंबईच्या ऑफिसातून एक साहेब येऊन सगळ्या बदलीवाल्यांची परीक्षा घेणार होते. गुरुवारी सकाळी आठ वाजता हजर राहायचं, उशिरा येणाऱ्याला आत घेतलं जाणार नाही. यानंतर दोन-तीन वर्षं तरी भरती नव्हती, आणि अण्णांचं वय यादीत बसण्याची ही शेवटची खेप होती. कायम झालं तर गेटवरून परत येणं संपलं. नाही झालं तर पुन्हा गावी जाऊन भावांच्या शेतात राबायचं, असं अण्णा आईला म्हणाले. त्यांचा आवाज इतका बारीक झाला होता की सोंग घेऊन पडलेल्या मलाही ऐकायला त्रास झाला. गावाला सातवीच्या पुढं शाळा नव्हती. हे मात्र मी कुणी न सांगता स्वतःच मनाशी जोडून घेतलं.

मला अण्णांसाठी काहीतरी करायचं होतं. आईनं देवीला नारळ बोलला, आत्यानं अकरा माळा जास्त धरल्या, दत्तूनं बूट पुसले. माझ्यापाशी काय होतं? फक्त खरी वेळ. बुधवारी संध्याकाळी आई पाण्याला, आत्या देवळात, अण्णा केस कापायला आणि दत्तू खेळायला गेलेला. रेडिओवर बातम्यांच्या आधी पिप पिप वाजलं, आणि मी रॉकेलच्या डब्यावर चढून घड्याळ बरोबर लावलं. अगदी बरोबर, सेकंदाला. आयुष्यात पहिल्यांदा आमच्या घरात खरे सात वाजले. मला वाटलं, होडी राखणदारांना चुकवून खऱ्या बेटावरून थेट आमच्या भिंतीवर आली. सकाळी अण्णा चहाला बसले की सांगायचं, अण्णा, आज तुमच्यासाठी खरी वेळ आणली आहे. त्या कल्पनेनंच मला रात्री फार छान झोप लागली.

सकाळ उजाडली. घड्याळाप्रमाणे रोजचं सगळं रोजच्या ठोक्याला चाललं होतं, फक्त बाहेरची दुनिया घाईत होती. दूधवाला आला तेव्हा आईचं भांडं घासून व्हायचं होतं. घाट चढायला गाडीला मागून इंजिन लावतात, ते लावताना होणारा धक्क्याचा आवाज आम्हाला रोज चहाच्या वेळी यायचा. तो त्या दिवशी अण्णा दात घासत असतानाच आला. "आज सगळ्यांनाच काय घाई झालीय," आत्या म्हणाली. मग इस्माईलचाचाचा पावाचा टेंपो दारात थांबला. इस्माईलचाचाची बाजारात बेकरी होती. तो भिसेगावात पाव देऊन मग पुढं जायचा.

"लवकर आलात आज," आई म्हणाली.

"लवकर? नाय वो वयनी. रोजच्याच टायमाला आलोय."

आई आत येऊन म्हणाली, "इस्माईलभाईंचं घड्याळ बिघडलेलं दिसतंय."

मी अंथरुणात उठून बसले. एका क्षणात मला दिसलं की घड्याळ सुधारलं आहे, माणसं नाही सुधारली. हे सगळे पस्तीसला दाराची वाट बघत आहेत. "आई, घड्याळ," मी म्हटलं.

"गप गं," आत्या म्हणाली. "आज कुणी तोंड उगडायचं नाय. चांगल्या कामाला चाललाय तो."

हे आमच्याकडचं शास्त्र. माणूस महत्त्वाच्या कामाला निघाला की त्याला काही विचारायचं नाही, कुठं चाललास म्हणायचं नाही, रडायचं नाही, शिंकायचं नाही. मी दुसऱ्यांदा तोंड उघडलं तेव्हा आईनं त्यात गुळाचा खडा कोंबला. तिसऱ्यांदा मी थेट अण्णांच्या समोर गेले, तर ते डोळे मिटून देवापुढं उभे होते, आणि आत्यानं माझ्या तोंडावर हात ठेवला. तिच्या हाताला कापूर आणि जवळ्याचा वास येत होता. तो आजही कुठं आला तर मला गुदमरल्यासारखं होतं. अण्णांच्या तळहातावर दही-साखर पडली. घड्याळात सहा पस्तीस झाले. दार उघडलं, अण्णा गेले. खोपोलीची गाडी सुटून तेव्हा पाच मिनिटं झाली होती, आणि आमच्या घरात सगळ्यांचे चेहरे समाधानी होते.

मी दारात धावले आणि "अण्णा" म्हणून हाक मारणार तोच आत्या ओरडली, "मागून हाक मारू नको गं, मेले. मागून हाक मारली तर काम फिसकटतं."

आता काय करायचं? मागून हाक मारायची नाही. बरं, मग समोरून मारू. मी परकराचा ओचा खोचला आणि मागच्या बोळात शिरले. विहिरीवरून, कुणाच्या तरी वाळवणावरून, एका झोपलेल्या कुत्र्यावरून उडी मारून, स्टेशनच्या पुलाच्या वरच्या पायरीपाशी अण्णांच्या पुढं जाऊन उभी राहिले. अनवाणी, तोंडात अजून गूळ. धाप लागलेली. आणि मी जे वाक्य बोलले त्याहून भयंकर वाक्य त्या घरात कुणी कधी उच्चारलं नसेल.

"अण्णा, घड्याळ बरोबर आहे."

"बरोबर म्हणजे?"

"बरोबर म्हणजे बरोबर. मी रेडिओवर लावलं."

अण्णांनी पुलावरून खाली पाहिलं. फलाटावर एक चहावाला कप विसळत होता, बाकी कुणी नाही. स्टेशनच्या घड्याळात पावणेसात झाले होते. रोज तिथं अठ्ठावीस असायचे. ते काटे पाहून अण्णांचं पहिलं वाक्य होतं, "हे बिघडलं वाटतं." मग त्यांनी माझ्याकडं पाहिलं. रागावले असते तर बरं झालं असतं. ते पायरीवर खाली बसले आणि डबा मांडीवर घेतला, गेटवरून परत आल्यावर बसायचे अगदी तसे. पुढची गाडी तासाभरानं होती. माझ्या वडिलांचं सगळं मी बुडवलं होतं, आणि ते सुद्धा खरी वेळ देऊन. मी मोठ्यानं रडायला लागले. आता रडायला आत्याची काही हरकत नसावी.

रडण्याचा आवाज ऐकून इस्माईलचाचा आला. तो स्टेशनच्या कॅन्टीनला पाव देऊन निघतच होता. त्यानं दोन वाक्यांत सगळं विचारून घेतलं आणि म्हणाला, "बसा टेंपोत. मी खोपोलीलाच चाललोय."

"तुम्ही खालापूर करून जाता," अण्णा म्हणाले.

"आज साजगाव आदी, खालापूर मागून. पोरगीला पन घ्या, इथं कुठं सोडता तिला."

खालापूरच्या लोकांनी त्या सकाळी चहात काय बुडवलं देव जाणे. पुढच्या सीटवर आम्ही तिघं, मागं ताज्या पावाच्या फळ्या, आणि तो वास असा की एवढ्या संकटातही माझ्या पोटात गुरगुरलं. पळसदरी मागं पडली. मग अण्णांनी विचारलं, "मी दहा मिनिटं पुढं केलं होतं. दहाच. मग सतरा कशी झाली?"

मी बेटं सांगितली. दुसऱ्या कुठल्या रीतीनं मला ते सांगताच आलं नसतं. कातळ, डोणी, होडी, हंडा, खाकी राखणदार. "हा मी का?" अण्णा म्हणाले. हो म्हटलं. राणी आली तेव्हा ते म्हणाले, "हिचा माझ्यावर भरवसा नाही?" जोगिणीला ते हसले. राक्षसापाशी त्यांनी मान वळवून माझ्याकडं पाहिलं. "दत्तू मागं करतो?"

"पाच मिनिटं. सोमवारी पहाटे तांब्याला उठला की."

"आणि मी दोन वर्षं म्हणतोय की घड्याळ उतावीळ आहे."

इस्माईलचाचा इतका हसला की टेंपो रस्त्याच्या कडेला गेला. "आमच्या घरात बी हीच बेटं हायत," तो म्हणाला. "फक्त आमची बायको पाच नाय, पंधरा घालते." अण्णाही हसू लागले. हसता हसता त्यांनी माझा हात धरला आणि साजगाव येईपर्यंत सोडला नाही.

वाटेत मालगाडीसाठी रेल्वेचं फाटक बराच वेळ बंद होतं, त्यामुळे आठ वाजून नऊ मिनिटांनी आम्ही गेटवर पोहोचलो. हे मी लिहून ठेवते, कारण अण्णा नंतर ही गोष्ट सांगत तेव्हा ती नऊ मिनिटं हळूहळू आटत गेली. दत्तूच्या लग्नात ती तीन झाली होती, आणि माझ्या लग्नात तर अण्णा साहेबांच्या आधी पोहोचले होते. पण नऊ होती, कारण गेटवरचं घड्याळ मी स्वतः पाहिलं. वॉचमन आत सोडेना. इस्माईलचाचानं त्याच्या टेबलावर गरम पावांची लादी ठेवली आणि म्हणाला, "आदी हा खा, मग नाय म्हन." वॉचमन खाऊ लागला, आणि तोंड भरलेल्या माणसाला नाही म्हणता येत नाही. अण्णा आत गेले. मला वॉचमनच्या केबिनमध्ये स्टुलावर बसवलं. तिथं मी दोन पाव खाल्ले आणि सगळ्या देवांना, अनोळखी देवांनाही, नवस बोलले.

आतलं अण्णांनी संध्याकाळी सांगितलं ते असं. साहेबांनी पहिला प्रश्न केला, उशीर का? अण्णांना खोटं बोलायला कधीच जमलं नाही. त्यांनी सांगितलं, घरातल्या प्रत्येकानं घड्याळ पुढं केलं होतं आणि पोरीनं ते बरोबर लावलं, म्हणून चुकलो. साहेबांनी ते पुन्हा सांगायला लावलं. मग म्हणाले, बरं, आलाच आहात तर हे बघा, आणि वाफेच्या पाइपावरचा प्रेशरचा काटा दाखवला. हा काटा असायला हवं त्यापेक्षा जास्त दाखवतो, का दाखवतो? आधीचे चौघे म्हणाले होते, खराब झाला, बदलून टाका. अण्णाही तेच म्हणणार होते. पण टेंपोतली होडी त्यांच्या डोक्यातून गेली नव्हती. ते म्हणाले, "साहेब, याला हात कुणाकुणाचा लागतो?" तिन्ही पाळ्यांचा. "मग तिघांना वेगवेगळं बोलावून विचारा. एकमेकांसमोर नका विचारू. प्रत्येकानं थोडा पुढं केला असणार. पुढच्या पाळीवाल्यानं जपून चालवावं म्हणून. दुष्टपणा नाही त्यात." तिघांना विचारलं. पहिल्या पाळीवाल्यानं केला होता, दुसऱ्यानंही केला होता. तिसरा म्हणाला, "मी नाही," आणि मग म्हणाला, "थोडासा."

महिन्याभरानं कायमचं पत्र आलं. आईनं नारळ फोडला, आत्या म्हणाली की अकरा माळांचा गुण.

पण त्या गुरुवारची संध्याकाळ राहिली सांगायची. अण्णांनी सगळ्यांना घड्याळाखाली बसवलं आणि एकेकाची मिनिटं कबूल करून घेतली. आईनं पाच सांगितली आणि पदरात तोंड घालून हसली. आत्या म्हणाली, देवाच्या नावानं केलेलं मोजत नसतात. दत्तूनं कानावर हात ठेवले. पण त्याच्याकडं आईनं असं काही पाहिलं की त्यानंही पाच कबूल केली, आणि आत्यानं त्याच्या पाठीत धपाटा घातला. मग प्रश्न आला, आता घड्याळ कसं ठेवायचं? बरोबर ठेवलं तर सगळे पुन्हा चुकणार. बराच खल झाला. रात्रीच्या वालाच्या बिरड्यावर एकमत झालं, आणि अण्णांनी ते उठून पुन्हा सतरा मिनिटं पुढं केलं, या खेपेला सगळ्यांच्या देखत. त्यावर कुणीही काही घालायचं नाही, काढायचं नाही. सकाळी पस्तीसला दार.

"पण खरे किती वाजलेत ते एकाला तरी ठाऊक असायला पाहिजे," अण्णा माझ्याकडं बघून म्हणाले. एवढंच म्हणाले आणि जेवायला बसले. मी त्यावर फारसा विचार केला नाही. मला बिरडं वाढून घ्यायचं होतं.

भिसेगावातलं आमचं ते बैठं घर कधीच गेलं, तिथं आता चार मजली इमारत आहे आणि तिच्यात मीच राहते, दुसऱ्या मजल्यावर. प्रत्येकाच्या खिशात आता सेकंदासकट खरी वेळ असते, तरी नात "पाच मिनिटांत पोहोचते" असं कळवते आणि तासानं येते. तिचं ते पाच मिनिटांचं बेट कुठं आहे ते मी अजून शोधते आहे. घड्याळ अण्णांच्या पश्चात माझ्याकडं आलं. गेल्या महिन्यात ते बंद पडलं, म्हणून दुरुस्तीवाल्याला घरी बोलावलं. त्यानं पेटी उघडली, लंबक काढला आणि मागून एक पिवळी घडी माझ्या हातात दिली. "हे अडकत होतं बाई."

माझा नकाशा. मी तो कधीच विसरून गेले होते. पाचही बेटं जागच्या जागी होती, राक्षस अजून केसाळ. खऱ्या बेटावर मी उत्तम अक्षरात 'इथे कोणी राहत नाही' लिहिलं होतं, ते पेन्सिलीनं खोडलेलं होतं. खाली अण्णांचं ते फिटरचं, ठळक, वाकडं अक्षर.

'शालू राहते. समोरून हाक मारते.'

दुरुस्तीवाला बिचारा थांबून राहिला. किल्ली देऊन, लंबक हलवून झाल्यावर त्यानं खिशातला मोबाइल काढला आणि विचारलं, "बाई, बरोबर वेळ लावून देऊ?"

"नको," मी म्हटलं. "सतरा पुढं ठेवा. बरोबर किती वाजलेत ते मला ठाऊक असतं."